कांचन फुलली

९ जानेवारी, शुक्रवार

दातांचं प्लास्टर विकणाऱ्या कंपनीने ही डायरी फुकट दिली. पहिल्याच पानावर हसऱ्या बाईचा फोटो आहे, बत्तीसच्या बत्तीस दात बाहेर. मी काही डायरी लिहिणाऱ्यांतली नाही. पण आज जे वाचलं ते सांगायचं कुणाला? आपलेच दात नि आपलेच ओठ. म्हणून इथे लिहिते.

ह्यांचा सदरा धुवायला टाकताना खिशातून छोटी वही निघाली. चौतीस वर्षं घरोघरी जाऊन पाण्याचे मीटर वाचले, त्यामुळे वही खिशात ठेवायची सवय निवृत्तीनंतरही सुटलेली नाही. सामानाची यादी असेल म्हणून उघडली.

मंगळवार. कांचनला पाणी दिलं.
शुक्रवार. कांचन पार उघडी झाली आहे. बघवत नाही.
मंगळवार. कांचनला मुंग्या आल्यात.
शुक्रवार. कांचनबद्दल साहेबांना भेटलो. म्हणाले, बघू.

चार महिन्यांपूर्वी निवृत्त झाल्यापासून हे मंगळवारी आणि शुक्रवारी सकाळी 'वाचनालयात जाऊन येतो' म्हणून निघतात. आणि मी मूर्ख, सगळ्यांना कौतुकाने सांगत सुटले की आमच्या ह्यांना या वयात वाचनाची गोडी लागली. गोडी!

उघडी झाली आहे म्हणे. बघवत नाही म्हणे. बघवत नाही तर बघता कशाला हो?

बादली भरून वाहायला लागली तरी मी न्हाणीघरातल्या स्टुलावर तशीच बसून होते. शेवटी वही परत खिशात घातली आणि सदरा न धुताच खुंटीला लावला.

१० जानेवारी, शनिवार

आज दातांच्या लॅबमध्ये, कामावर, कवळीचा डावा सुळा उजवीकडे बसवला. एकवीस वर्षं मी मेणात दात बसवते आहे, अशी चूक पहिल्या वर्षीसुद्धा केली नव्हती. शेजारी बसून तयार कवळ्यांना चकाकी आणते ती पॉलिशवाली. तिने बघितलं आणि म्हणाली, "ताई, हा माणूस जेवणार कसा, आडवा?" मी हसले नाही, तेव्हा तिला कळलं. डब्याच्या सुट्टीत सगळं सांगून टाकलं.

"उघडी म्हणजे?" तिने विचारलं.

"उघडी म्हणजे उघडी. मराठी कळत नाही का तुला?"

"आणि मुंग्या? मुंग्या येतात म्हणजे साखर असणार तिला. माझ्या सासूच्या पायाला अशाच येतात. वयस्कर असेल हो ताई."

"वयस्कर असती तर उघडी कशाला बसली असती?"

तिने डब्याला झाकण लावलं. मीही लावलं.

१३ जानेवारी, मंगळवार

परत आले ते नखांत माती घेऊन. म्हटलं, वाचनालयात माती कुठून आली? तर म्हणतात, "पुस्तकं जुनी आहेत." माणसाला धड खोटं बोलता येत नाही आणि चालला बायका ठेवायला.

चहा दिला. हातातून कप घेताना म्हणाले, "दमलेली दिसतेस." मला वाटलं, तो चहा ओतावा डोक्यावर. ओतला नाही.

२० जानेवारी, मंगळवार

वही पुन्हा बघितली. कुणाची वही चोरून वाचणारी बाई मी नव्हते, आता झाले.

कांचनच्या अंगाला हात लावू देणार नाही. दुसरा अर्ज दिला.

म्हणजे तिच्यामागे आणखी कुणीतरी आहे, आणि आमचे हे तिच्यासाठी कचेऱ्यांमधून दाताच्या कण्या करत फिरताहेत. माझ्यासाठी कधी रेशनच्या रांगेत उभे राहिले नाहीत.

लिहायलाच बसले आहे तर खरं ते लिहिते. मला भीती कसली वाटते? बाईची नाही. बाईला मी बघून घेईन. पण तिला मूल असेल तर? ह्यांचं? माझं एकच मूल झालं, तेही सातव्या महिन्यात. मला झटके आले, तीन दिवस शुद्ध नव्हती. शुद्धीवर आले तेव्हा सांगितलं, पोटातच गेलं. मुलगा की मुलगी विचारलं, तर वन्सं म्हणाल्या, आता त्याने काय फरक पडतोय. हे भिंतीकडे तोंड करून उभे होते. पुन्हा दिवस राहिले नाहीत. ह्यांनी सव्वीस वर्षांत मला एका शब्दाने बोलून दाखवलं नाही, आणि मी समजत होते की हा चांगुलपणा आहे. गरज दुसरीकडे भागत असेल तर माणूस चांगलाच वागतो.

३० जानेवारी, शुक्रवार

आज वन्संना फोन केला. ह्यांची थोरली बहीण, घरातला शेवटचा शब्द कायम त्यांचाच. म्हटलं, तुमच्या भावाचं बाहेर काहीतरी चाललंय. आधी हसल्या. "त्याचं? अगं, त्याला घरातलं चालवता येत नाही."

"नावही ठाऊक आहे मला. कांचन."

मला वाटलं फोन कटला. हॅलो हॅलो केलं. मग अगदी खालच्या आवाजात म्हणाल्या, "हे नाव तुला कुणी सांगितलं?"

"म्हणजे तुम्हाला माहीत आहे?"

"त्याला काही विचारू नकोस. माझी शपथ आहे तुला. सोडून दे." आणि फोन ठेवला.

वन्संना माहीत आहे! म्हणजे हे आजकालचं नाही. सगळ्यांना ठाऊक आणि मी एकटी आंधळी. दातखीळ बसल्यासारखी मी किती वेळ तो फोन हातात धरून बसले होते कोण जाणे.

१२ फेब्रुवारी, गुरुवार

आजच्या तारखेला झालं होतं ते. आम्ही दोघंही आज कमी बोलतो. दरवर्षीचंच आहे.

१३ फेब्रुवारी, शुक्रवार

काल कमी बोलणं समजू शकते. पण आज काय? हे सकाळी काही न खाता निघाले, दुपारी आले, जेवले नाहीत. 'पोट ठीक नाही.' आता लिहायला बसले तेव्हा आठवलं, मागच्या वर्षीही १२ च्या दुसऱ्या दिवशी पोट ठीक नव्हतं. त्याच्या आदल्या वर्षीही. बारा तारखेचं दुःख तेरा तारखेला पोटात उतरतं की काय यांच्या?

वहीत आज दोनच शब्द आहेत. कांचन फुलली.

फुलली! चाळिशीच्या पुढच्या बाईला कोणी फुलली म्हणतं का? तरुणच असणार. ठरलं. मंगळवारी रजा टाकते आणि मागे जाते.

१७ फेब्रुवारी, मंगळवार

क्रमाने लिहिते.

हे पुढे, मी शंभर पावलं मागे. दोन चौक, मग पूल, मग उजवीकडे. तिकडे वळले तशी माझी चाल मंदावली. त्या रस्त्यावर मी सव्वीस वर्षं पाऊल ठेवलं नव्हतं. जिथे मला झटके आले ते प्रसूतिगृह त्या रस्त्यावर आहे. बंद पडून बरीच वर्षं झाली, आता खिडक्यांना तावदानंही नाहीत. हे सरळ फाटकातून आत गेले. म्हटलं, इथे? नीच माणसा, इथे?

मी भिंतीच्या भगदाडातून आत बघितलं. हे कोपऱ्यातल्या नळाखाली बादली भरत होते. भरली, उचलली, दोनदा टेकवली, मग एका झाडाच्या बुंध्याशी हळूहळू ओतली. झाडाला पान नाही, आणि गुलाबी फुलं मात्र इतकी की फांद्या दिसेनात. वॉचमन बिडी ओढत म्हणाला, "काका, तुमचा कांचन यंदा खूपच फुललाय."

मी ऐकलं. मग पुन्हा मनात ऐकलं. उघडी झाली म्हणजे पानं गळली. मुंग्या म्हणजे मुंग्या!

मी तिथे भिंतीला टेकून इतकी हसले की वॉचमन धावत आला. पाठोपाठ हे. मला बघून त्यांचा चेहरा प्लास्टरसारखा पांढरा पडला. मी म्हटलं, "अहो, मला वाटलं बाई आहे!" ते म्हणाले, "कोण?" म्हटलं, "कांचन!" हे हसलेच नाहीत. खाली बसले.

मग म्हणाले, "तू आत होतीस तेव्हा मी इथेच बसून होतो. या झाडापाशी. पुढे मीटरच्या फेरीत हा भाग माझ्याकडे होता, महिन्यातून एकदा दिसायची. आता फेरी नाही, म्हणून येतो. तुला आठवण नको म्हणून बोललो नाही."

मला त्यांची दया आली आणि स्वतःची लाज वाटली. महिनाभर मी या माणसाला मनात काय काय शिव्या दिल्या. घरी येताना त्यांचा हात धरून चालले. त्यांचा हात गार होता.

१८ फेब्रुवारी, बुधवार

पॉलिशवालीला सांगितलं. ती हसता हसता मशीनवरून पडायची बाकी होती. "ताई, मी साखर म्हणाले होते, झाडाचा विचारच केला नाही!" दिवसभर आम्ही दोघी दात काढत होतो. लॅबच्या डॉक्टरीणबाईंनी येऊन दटावलं, तर त्यांनाही सांगितलं, मग त्याही हसल्या. किती दिवसांनी डबा गोड लागला.

एवढं मात्र कळलं नाही की वन्संनी शपथ कशाला घातली? विचारलं ह्यांना. म्हणाले, "ताईचा स्वभावच तसा." हे खरं आहे.

२४ फेब्रुवारी, मंगळवार

आज ह्यांच्याबरोबर मीही गेले. जागेवर नवी इमारत होणार, गाड्या लावायला अंगण मोकळं हवं, त्यामुळे झाड तोडणार आहेत. ह्यांनी चार अर्ज दिले. सगळ्यांचं उत्तर 'बघू'.

परत येताना म्हणाले, "ती काही मागत नाही गं कुणाचं. एका कोपऱ्यात उभी आहे."

मी थट्टेने म्हटलं, "ती काय ती? आंबा तो, चिंच ती, कांचन तो. वॉचमनला कळतं, तुम्हाला कळत नाही? तुमच्या या व्याकरणापायी माझा संसार मोडायची वेळ आली होती!"

"मला ती वाटते," म्हणाले.

"वाटून काय होतंय? शब्दाला लिंग असतं."

यावर ते थांबले, माझ्याकडे बघितलं, तोंड उघडलं, मिटलं, आणि पुढे चालायला लागले. वय झालं की माणूस झाडाझुडपांच्या नादी लागतो. कुत्रं पाळण्यापेक्षा बरं.

३ मार्च, मंगळवार

तोडलं.

आम्ही पोचलो तेव्हा करवत चालू होती. हे फाटकातून धावले. साठ वर्षांचा माणूस, मी त्यांना लग्नात सुद्धा धावताना बघितलं नव्हतं. दोघा कामगारांनी धरलं. "काका, लागेल, मागे व्हा." झाड एकदम नाही पडलं. आधी कलंडलं, अडकलं, मग सगळी फुलं घेऊन आडवं झालं. जमीन गुलाबी झाली.

हे सुटून गेले आणि त्या बुंध्याला मिठी मारून ओरडले, "कांचन! बाळा!"

मी मागे उभी. म्हणणार होते, अहो, झाड आहे ते, लोक बघताहेत. म्हणायला तोंड उघडलं आणि ते दोन शब्द कानातून आत गेले. बाळा. असं कुणी झाडाला म्हणतं का? तो आवाज मी कधीच ऐकला नव्हता. इतक्या वर्षांच्या संसारात एकदाही नाही.

म्हटलं, "बाळा कोण?"

मान वर केली नाही. "दुसऱ्यांदा गेली," म्हणाले.

"कोण गेली? अहो, कोण गेली?"

"आपली मुलगी. एकतीस तास होती."

यापुढचं मला नीट आठवत नाही. वॉचमनने पाणी दिलं. ते पाणी माझ्या साडीवर सांडलं, ती अजून ओली आहे.

४ मार्च, बुधवार

एकतीस तास.

५ मार्च, गुरुवार

वन्संच्या घरी गेले. दार उघडताच त्यांना कळलं. चहा टाकते म्हणाल्या. म्हटलं, नको. बसा समोर.

"डॉक्टरांनीच सांगितलं होतं," वन्सं म्हणाल्या. "तुझा जीव धोक्यात होता. कळलं की झाली आणि गेली, तर पुन्हा झटके येतील. जन्मलंच नाही म्हटलं तर दुःख कमी. मीच त्याला शपथ घातली."

"बरं, तेव्हा नाही सांगितलं. महिन्याने? वर्षाने? सव्वीस वर्षं मला झटकेच येत होते का, वन्सं?"

"आज सांगू, उद्या सांगू असं करता करता राहूनच गेलं गं. मग सांगायची भीती वाटायला लागली."

राहून गेलं! दळण आणायचं राहून जातं, दिवाबत्ती राहून जाते. मूल झालं होतं हे सांगायचं राहून जातं?

मी ओरडले असेन. शेजारची बाई डोकावून गेली. वन्सं रडायला लागल्या. रडता रडता म्हणाल्या, "हनुवटी अगदी तुझ्यासारखी होती. मांडीवर घेतलं तेव्हा..." आणि एकदम थांबल्या.

"तुम्ही मांडीवर घेतलं होतं?"

त्यांनी पदर तोंडाला लावला.

माझं मूल वन्संनी मांडीवर घेतलं. ह्यांनी घेतलं. आयाने घेतलं असेल, नर्सने घेतलं असेल. साऱ्या जगाने घेतलं. माझ्या मांडीवर आजवर प्लास्टरचे साचे सोडून काही आलेलं नाही. मी उठले आणि चप्पल न घालताच निघाले. अर्ध्या रस्त्यात लक्षात आलं. परत गेले नाही.

१० मार्च, मंगळवार

घरात आम्ही बोलत नाही. हे दोन वेळचा भात मऊ शिजवून माझ्यापुढे ठेवतात आणि स्वयंपाकघरात जाऊन उभे राहतात. त्यांना माफ केलं का? नाही. दया येते का? येते. दोन्ही एकदम कसं येतं ते मला कळत नाही, पण येतं.

आज पॉलिशवाली म्हणाली, "पण ताई, बाईबिई काही नव्हती ना, ते तरी बरं." मग तिचं तिलाच कळलं, आणि ती मशीन बंद करून माझ्या शेजारी येऊन बसली. मी दिवसभरात एक दात बसवला नाही.

मला राग कशाचा येतो ते आज सापडलं. ह्यांना आठवायला काहीतरी आहे. सव्वीस वर्षं एकट्याने आठवत बसले. मला आठवण नको म्हणून लपवलं म्हणतात. अहो, मला आठवण दिलीच कुठे होती, नको व्हायला?

१५ मार्च, रविवार

सकाळी टेबल पुसलं, ही डायरी ठेवली, ह्यांना समोर बसवलं. म्हटलं, "पहिल्या मिनिटापासून सांगा. काही गाळायचं नाही. माझ्यासाठी म्हणून तर मुळीच गाळायचं नाही."

मीटरचा माणूस आहे, आकडे विसरत नाही. सगळं पाठ आहे त्यांना. जिथे आवाज गेला तिथे थांबले, पाणी प्यायले, पुन्हा तिथूनच सुरू केलं. मी लिहून घेतलं. एकदा मीही थांबले. दुपारी दोनपर्यंत चाललं होतं.

ते सगळं मी खाली नीट करून उतरवते. तारीख तीच घालते जी तेव्हा घालायला हवी होती.

१२ फेब्रुवारी, सव्वीस वर्षांपूर्वी

आज सकाळी सहा चाळीसला मला मुलगी झाली. वजन एक किलो शंभर ग्रॅम. रडली, पण मांजरासारखी, बारीक. सातव्या महिन्याची असून केस दाट आहेत. तिच्या बाबांनी आठ वाजता पहिल्यांदा बघितलं. त्यांच्या अंगठ्याएवढं तिचं पाऊल आहे.

दहा वाजता नर्सने कागद भरायला नाव विचारलं. त्यांना काही सुचेना. मुलीचं नाव तिच्या आईला विचारून ठेवतो म्हणाले, तर नर्स म्हणाली, तिला शुद्ध नाही, आणि कागद रिकामा ठेवता येत नाही. खिडकीबाहेर एक झाड फुललं होतं. हे कोणतं, म्हणून त्यांनी आयाला विचारलं, आणि ती म्हणाली तेच नाव सांगितलं. मी असते तर दुसरं ठेवलं असतं कदाचित. पण हे वाईट नाही.

दुपारी आत्याने मांडीवर घेतलं. संध्याकाळी पाच वाजता डोळे उघडले, दोन्ही. रंग कळला नाही. कापसाने दुधाचे चार थेंब दिले, ते गिळले. पाचवा बाहेर काढला.

१३ फेब्रुवारी, सव्वीस वर्षांपूर्वी

सकाळी नऊ वाजता वाटलं होतं, राहील. बाबांच्या बोटाला धरलं होतं, आणि चांगलं घट्ट धरलं होतं, असं ते म्हणतात. अकरापासून श्वास थांबून थांबून यायला लागला. डॉक्टर दोनदा आले. बाबांनी विचारलं, आईजवळ नेऊन ठेवू का थोडा वेळ? नको म्हणाले.

दुपारी एक चाळीसला गेली. मी शेजारच्या खोलीत होते.